दारू आणि दट्ट्या

पुण्याहून नाशिकच्या वाटेनें निघालें म्हणजे भीमाकांठच्या राजगुरुनगरास, जुन्या नांवानें खेडास, पोंचण्यापूर्वीं चाकण लागतें. तेथील संग्रामदुर्ग या भुईकोटाचे अवशेष आतां वस्तीनें वेढले आहेत, आणि वस्तीपलीकडे मोटारींच्या व दुचाकींच्या कारखान्यांचीं लांबच लांब छपरें दिसतात. प्रवासी या दोन गोष्टी निरनिराळ्या मानतो. एक इतिहासाची, दुसरी व्यापाराची. परंतु कोंडलेला वायु पेटून फुगला म्हणजे काय करतो, हा एकच विषय दोहोंच्या मुळाशीं आहे.

१६६० च्या जून महिन्यांत शायिस्ताखानानें या किल्ल्यास वेढा घातला. फिरंगोजी नरसाळा यानें थोड्या शिबंदीनिशीं तो पन्नासांहून अधिक दिवस लढविला. अखेर ऑगस्टच्या मध्यास मोंगलांनीं बुरुजाखालीं पुरलेला सुरुंग पेटला, बुरूज माणसांसह उडाला, आणि किल्ला पडला. फिरंगोजीच्या शौर्याची कथा महाराष्ट्रास ठाऊक आहे. आज आपण त्या दारूकडे पाहूं. मूठभर काळी भुकटी क्षणार्धांत वायुरूप होते, त्या वायूस शेंकडोंपट जागा हवी असते, आणि ती न मिळाल्यास तो बुरूजही उचलतो. चाकणास त्या दिवशीं या शक्तीचें जें रूप दिसलें तें निव्वळ संहाराचें होतें.

पुढें तेरा वर्षांनीं, १६७३ सालीं, पॅरिस येथें ख्रिस्तियान हायगेन्स या डच पंडितानें चिमूटभर दारू एका उभ्या नळकांड्याच्या तळाशीं पेटविण्याची युक्ति मांडली. नळकांड्यांत घट्ट बसणारा दट्ट्या होता. स्फोटानें आंतील हवा चामड्याच्या झडपांवाटे बाहेर लोटली जाई. उरलेला वायु निवतांच आंत पोकळी होई, आणि बाहेरच्या हवेच्या दाबानें दट्ट्या खालीं येऊन दोरीस बांधलेलें वजन उचली. त्याचा मदतनीस पापिन यानें १६९० मध्यें दारूच्या जागीं वाफ घातली. स्फोटावर चालणारें खरें उपयुक्त इंजिन व्हावयास मात्र सुमारें दोनशें वर्षें लागलीं: ऑटोचें चार टप्प्यांचें इंजिन १८७६ चें, आणि डीझेलचें यशस्वी इंजिन १८९७ चें. मौज ही, कीं हायगेन्सच्या काळीं युरोपांतल्या दारूसाठीं लागणारा सोरा मोठ्या प्रमाणावर बिहारांतून डच व इंग्रज कंपन्यांच्या जहाजांनीं जात असे. सोरा आमचा होता. या स्फोटाकडून चाकरी घेतां येईल काय, हा प्रश्न मात्र तिकडे विचारला गेला.

बंदुकीस हा प्रश्न फार उशिरां पडला. वास्तविक बंदूक हें मुळांतच एक इंजिन होय. नळी हें तिचें नळकांडें आणि गोळी हा तिचा दट्ट्या. मात्र हा दट्ट्या एकदां गेला कीं परत येत नाहीं. म्हणून प्रत्येक बारानंतर माणसाला हातानें नवें काडतूस चढवावें लागे. १८८९ च्या सुमारास अमेरिकेंतील जॉन ब्राउनिंग याच्या ध्यानांत आलें, कीं गोळीमागून येणारा वायु फुकट जात आहे. त्या विचारांतून १८९५ ची कोल्ट मशीनगन निघाली. आजच्या बहुतेक लष्करी रायफलींत नळीला एक बारीक छिद्र असतें. त्यांतून थोडा वायु एका छोट्या नळकांड्यांत शिरतो, दट्ट्यास मागें ढकलतो, रिकामें काडतूस बाहेर पडतें, आणि स्प्रिंग नवें पुढें आणते. इंजिनांत दट्ट्या धनी असतो, तर रायफलींत तो चाकर. राजगुरूंचे सहकारी भगतसिंग यांच्या हातीं १७ डिसेंबर १९२८ रोजीं लाहोरास जें कोल्टचें .३२ चें पिस्तूल होतें, त्यांत तर निराळा दट्ट्याही नव्हता. काडतुसाचें टोपणच मागें सरून तें काम करी.

दट्ट्या वगळून वायु नळीवाटे थेट मागच्या यंत्रावर सोडण्याची तऱ्हाही आहे. स्वीडनच्या १९४२ च्या युंगमान रायफलींत ती होती. अमेरिकेंत स्टोनरनें बोल्टलाच दट्ट्या केलें. वजन घटलें, नेम सुधारला. पण काजळी सरळ यंत्राच्या पोटांत जाऊं लागली. व्हिएतनामांत दारूचा प्रकार बदलला, सफाईचें साहित्य पुरेसें दिलें गेलें नाहीं, आणि ऐन लढाईंत रायफली अडकूं लागल्या. १९६७ मध्यें अमेरिकन काँग्रेसच्या समितीस चौकशी करावी लागली. इंजिनांतही असाच दोष संभवतो. इंधनाचा फवारा हवेंत न जळतां नळकांड्याच्या भिंतीवर आदळला, तर वंगण धुऊन जातें आणि काजळी धरते. तात्पर्य, ही शक्ति वापरणाऱ्यानें जोर किती मिळेल हें पाहण्याबरोबरच मळ कोठें पडेल हेंही पाहिलें पाहिजे.

या प्रांतानें हा प्रश्न स्वतः हातीं घेतला तो विसाव्या शतकांत. १९३० नंतर साताऱ्यास धनजीशहा कूपर यांच्या कारखान्यांत डीझेल इंजिनें होऊं लागलीं. १९४६ सालीं किर्लोस्करांची ऑइल एंजिन कंपनी पुण्यास निघाली. पुण्याच्या वेताळ टेकडीच्या एका अंगास मोटारींची संशोधनसंस्था आहे, तर दुसऱ्या अंगास, पाषाणास, शस्त्रांची. पाषाणच्या संस्थेनेंच दट्ट्यावर चालणारी ५.५६ मिलिमीटरची इन्सास रायफल आखली. १९९९ च्या कारगिल युद्धांत तिच्याविषयीं तक्रारी आल्या. परंतु स्वतः आखलेल्या यंत्राची चूक ही आपलीच विद्या असते, ती विकत मिळत नाहीं. २००३ मध्यें बजाजनें दुचाकीच्या लहानशा नळकांड्यांत एकाऐवजीं दोन ठिणग्या टाकून इंधन अधिक नेटकें जाळण्याची योजना केली, हेंही त्याच जातीचें काम.

चाकणच्या कारखान्यांतून आज असंख्य इंजिनें रस्त्यावर धांवावयास निघतात, आणि त्यांतील पुष्कळांचा आराखडा परदेशांत तयार झालेला असतो. जोडणी ही विद्या लहान नाहीं. पण सोरा देऊन प्रश्न दुसऱ्यास विचारूं द्यावा, अशी ती होतां कामा नये. ज्या भूमींत बुरूज उडाला, तेथील तरुण कारागिरानें दट्ट्या हातीं घेऊन तो असाच कां, एवढें विचारलें, तर फिरंगोजीच्या गांवीं स्फोटाचा इतिहास खऱ्या अर्थानें पुढें सरकेल.