जहाजाच्या कुशीवरची रेघ

मालवाहू जहाजाच्या कुशीवर एक वर्तुळ आणि त्याला छेदणारी आडवी रेघ असते. आर्किमिडीजचे तत्त्व शिकवताना आपण या रेघेची गोष्ट जरूर सांगावी.

माल भरावा तसे जहाज खाली बसते, पण तरंगत राहते. शांत बंदरात सारे ठीक वाटते. मात्र पाण्यावर उरलेली बाजू फार कमी झाली, की वादळात लाटा डेकवर चढतात. १८७०च्या सुमारास ब्रिटनमधून अशी अतिभाराने दबलेली, जुनाट जहाजे निघत. विमा असल्याने जहाज बुडाले तरी मालकाचे फारसे बिघडत नसे. खलाशी मात्र जिवाला मुकत; जहाजावर जायला नकार दिला तर तुरुंगात जात. सॅम्युएल प्लिमसॉल या खासदाराने १८७३ मध्ये पुस्तक लिहून हे चव्हाट्यावर आणले. १८७६ मध्ये रेघ सक्तीची झाली. पण ती कुठे काढायची, हे मालकानेच ठरवायचे! तिची जागा कायद्याने पक्की झाली ती १८९० मध्ये.

आता जहाजावर अशा अनेक रेघा असतात. हिवाळी वादळांसाठीची खाली, गोड्या पाण्यासाठीची वर. समुद्राचे पाणी सुमारे अडीच टक्के जड असल्याने नदीतले जहाज समुद्रात थोडे वर उचलले जाते.

परीक्षानळीत थोडी वाळू भरून ती आधी साध्या, मग मिठाच्या पाण्यात उभी तरंगवा. दोन्ही खुणा मुलांनाच करू द्या. मग विचारा : जहाजावरची रेघ कोणी ठरवावी? माल भरणाऱ्याने, की मोजमाप करणाऱ्याने?