पानशेतनंतरचे पाणी : कोरडे नळ आणि कात्रजचे हौद

१/ १२ जुलै १९६१ रोजी मुठेचा पूर पुण्याच्या पेठांत शिरला आणि त्याच दिवशी शहराचे नळ कोरडे पडले. पानशेतच्या प्रलयाची कथा सर्वांना ठाऊक आहे. पूर ओसरल्यावर पुणेकरांनी पाणी कोठून मिळवले, ही तिची उपेक्षित बाजू.

२/ खडकवासल्याचे दगडी धरण १८७९च्या सुमारास पूर्ण झाले. त्याचे पाणी कालव्याने पुण्याकडे येऊ लागले. नळ घरोघरी पोहोचले, तसे वाड्यांतील विहिरींवरचे रहाट थांबले आणि पेठांतील हौद मागे पडले.

३/ वरच्या अंगाला, आंबी नदीवर, पानशेतचे मातीचे धरण अद्याप अपुरे होते. ते खचू लागताच लष्कराच्या जवानांनी रात्रभर वाळूची पोती रचली. सकाळी धरण फुटलेच. तो लोंढा खडकवासल्याच्या जलाशयात उतरला आणि काही तासांत तेही धरण फुटले.

४/ फुटलेली नळवाहिनी जोडता येते. येथे मात्र साठाच वाहून गेला होता. धरणाला खिंडार, म्हणून कालव्यात पाणी नाही. कालव्यात पाणी नाही, म्हणून नळाला नाही.

५/ अशा वेळी आधार ठरली ती दोन शतकांपूर्वीची व्यवस्था. अठराव्या शतकाच्या मध्यास नानासाहेब पेशव्यांच्या काळात कात्रजला तलाव बांधून तेथून शनिवारवाड्यापर्यंत भूमिगत दगडी नळ आणला गेला. माणूस आत उतरू शकेल एवढा तो प्रशस्त होता. वाटेत ठिकठिकाणी उच्छ्वास होते, गाळ बसण्याची सोय होती आणि पेठापेठांत हौद होते.

६/ ही व्यवस्था टिकली, याची कारणे तिच्या रचनेत आहेत. कात्रजचे पाणी मुठेच्या धरणांवर अवलंबून नव्हते. त्यामुळे पानशेत फुटले तरी कात्रजचा तलाव अबाधित राहिला. शिवाय पाणी केवळ उताराने वाहत असे. त्याला पंप लागत नसे.

७/ विस्मृतीत गेलेल्या विहिरी उपसण्यात आल्या. हंडे-कळशा घेऊन माणसे पुन्हा हौदांवर आणि आडांवर आली. ज्या वाड्यांनी आपली विहीर बुजवली नव्हती, त्यांचे पाणी शेजाऱ्यांच्याही उपयोगी पडले.

८/ पुढे खडकवासला दुरुस्त झाले, पानशेत नव्याने उभे राहिले आणि नळ पूर्ववत वाहू लागले. त्याबरोबर विहिरी दुसऱ्यांदा विसरल्या गेल्या. अनेक बुजल्या, अनेकांवर इमारती आल्या. कात्रजचा नळही शहराच्या वाढीत जागोजागी तुटला.

९/ आज खडकवासला, पानशेत, वरसगाव आणि टेमघर ही चारही धरणे मुठेच्याच खोऱ्यात आहेत आणि पुण्याच्या मोठ्या भागाची तहान त्यांवरच भागते. १९६१ साली नळ बंद पडले, तेव्हा शहराजवळ मुठेच्या धरणांवर अवलंबून नसलेले पाणी आणि घराघरांतील विहिरी शिल्लक होत्या. वारसा म्हणून उच्छ्वासांची छायाचित्रे काढताना ही गोष्टही ध्यानात असावी.