भाटिया, वनराज

भाटिया, वनराज : (३१ मे १९२७–७ मे २०२१). चित्रपट-संगीतकार आणि पाश्चात्त्य अभिजात संगीताचे भारतीय रचनाकार. जन्म व मृत्यू मुंबईत. आरंभीचे शिक्षण प्रा. बी. आर. देवधरांच्या संगीत विद्यालयात, म्हणजे हिंदुस्थानी पद्धतीचे. पुढे चायकॉव्हस्कीचा पियानो कंचेर्टो कानी पडला आणि ते पियानोकडे वळले. मुंबई विद्यापीठाची इंग्रजीतील एम. ए. पदवी (१९४९) घेतल्यावर लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये आणि नंतर पॅरिसमध्ये नादिया बूलांजे यांच्याकडे रचनेचा अभ्यास केला. १९५९ मध्ये मायदेशी आले, तेव्हा या विद्येला येथे फारसे गिऱ्हाईक नव्हते. काही वर्षे दिल्ली विद्यापीठात अध्यापन केले. नाव मात्र झाले ते लिरिल, गार्डन वरेली यांसारख्या जाहिरातींच्या जिंगल्समुळे.

दिग्दर्शक श्याम बेनेगल यांच्या ‘अंकुर’पासून (१९७४) त्यांची चित्रपटांतील खरी कारकीर्द सुरू झाली. पाश्चात्त्य विद्या घेऊन भारतीय संगीताकडे वळताना एक पेच असतो : राग एका स्वरओळीत उलगडतो, तर पाश्चात्त्य संगीतात अनेक स्वर एकाच वेळी उभे राहतात. रागाखाली कॉर्ड (एकत्र वाजणारे स्वर) घातले की वर्ज्य स्वर मागच्या दाराने आत शिरतात.  भाटियांनी चित्रपटांत आपली विलायती विद्या मिरवली नाही, हा त्यांचा मोठा गुण.

‘भूमिका’ (१९७७) हे त्याचे उत्तम उदाहरण. अभिनेत्री हंसा वाडकरांच्या ‘सांगत्ये ऐका’ या आत्मकथनावर आधारलेल्या या चित्रपटाला जुन्या काळातल्या बोलपटांची गाणी हवी होती. भाटियांनी ती नव्याने रचली आणि गळेही त्या परंपरेतलेच निवडले. किराणा घराण्याचे फिरोझ दस्तूर गायले. सरस्वतीबाई राणे आपली नात मीना फातर्पेकर हिच्यासह गायल्या. बूलांजेंचा शिष्य या गाण्यांत शोधूनही सापडत नाही. ‘मंथन’मधील (१९७६) प्रीती सागर यांनी गायलेले गीत पुढे अमूलच्या जाहिरातीतून घरोघरी पोचले. ‘३६ चौरंगी लेन’मध्ये (१९८१) मात्र कथाच अँग्लो-इंडियन शिक्षिकेची असल्याने पाश्चात्त्य बाज उघडपणे येतो.

दोन्ही विद्यांचा सर्वांत ऐसपैस मेळ ‘भारत एक खोज’ (१९८८) या मालिकेच्या शीर्षकसंगीतात आहे. ऋग्वेदातील नासदीय सूक्त आधी संस्कृतात आणि मग वसंत देव यांच्या हिंदी अनुवादात समूहस्वरांत येते. दूरदर्शनच्या छोट्या पडद्यासाठी हा घाट अंमळ भव्यच होता. तरी त्या काळच्या प्रेक्षकांना तो आजही आठवतो.

‘तमस’साठी (१९८८) राष्ट्रीय पुरस्कार, संगीत नाटक अकादमी पुरस्कार (१९८९) व पद्मश्री (२०१२) हे त्यांना मिळालेले प्रमुख सन्मान. मैफलीसाठी त्यांनी पियानो, चेलो व वाद्यवृंदाच्या रचना केल्या. उतारवयात ते गिरीश कार्नाडांच्या नाटकावरील ‘अग्निवर्षा’ या ऑपेरावर काम करीत होते. तिच्या पहिल्या दोन अंकांचा प्रयोग २०१२ मध्ये न्यूयॉर्कमध्ये झाला.