विज्ञानक्षेत्रातील मराठी स्त्रिया : ठाणे–कल्याण परिसर आणि महाराष्ट्र

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून वैद्यक, जीवरसायनशास्त्र, मानवशास्त्र, कर्करोग-संशोधन, भौतिकी आदी विषयांत काम केलेल्या मराठी स्त्रियांचा आणि त्यांच्या वाटेतील अडथळ्यांचा इतिहास. त्याचे दोन महत्त्वाचे टप्पे ठाणे जिल्ह्याशी निगडित आहेत. कल्याणच्या जोशी घराण्यातली यमुना पुढे डॉ. आनंदीबाई जोशी म्हणून ओळखली गेली. १९७३ मध्ये स्थापन झालेल्या ‘इंडियन विमेन सायंटिस्ट्स असोसिएशन’चे मुख्यालय वाशीत उभे राहिले. या दोन टप्प्यांमधल्या शतकभराच्या काळात स्त्रीचा विज्ञानातला प्रवेश कोणातरी पुरुषाच्या मर्जीवर अवलंबून होता : कधी नवऱ्याच्या, कधी न्यायाधीशाच्या, कधी संस्थेच्या संचालकाच्या. ही मर्जी जाऊन तिच्या जागी नियम आणि सोयी येणे, हाच या इतिहासाचा गाभा होय.

पार्श्वभूमी : सावित्रीबाई व जोतीराव फुले यांनी १८४८ मध्ये पुण्यात मुलींची शाळा सुरू केली. मात्र पुढे अनेक दशके मुलीचे लग्न आठव्या-दहाव्या वर्षी उरकले जाई आणि शाळा तिथेच सुटे. उच्च शिक्षणाचे दार प्रथम उघडले ते वैद्यकात, कारण तिथे गरज डोळ्यांसमोर होती. परपुरुषाकडून तपासून घेणे अनेक घरांत निषिद्ध मानले जाई. त्यामुळे बाळंतपणात आणि स्त्रीरोगांत बायका उपचाराविना दगावत. पंडिता रमाबाईंनी १८८२ मध्ये हंटर शिक्षण आयोगापुढे साक्ष देताना स्त्री-डॉक्टर तयार करण्याची मागणी केली. १८८३ मध्ये मुंबई विद्यापीठाने स्त्रियांना परीक्षांसाठी प्रवेश मोकळा केला, ग्रँट मेडिकल कॉलेजात विद्यार्थिनी घेण्याचे ठरले आणि त्याच वर्षाच्या अखेरीस एडिथ पीची ही ब्रिटिश डॉक्टर मुंबईत दाखल झाली. स्त्रियांसाठीचे कामा रुग्णालय १८८६ मध्ये सुरू झाले.

आनंदीबाई जोशी (१८६५–१८८७) : मुंबई–ठाणे रेल्वे १८५३ मध्ये धावली आणि पुढच्याच वर्षी ती कल्याणला पोहोचली. त्यानंतर अकरा वर्षांनी, ३१ मार्च १८६५ रोजी यमुनेचा जन्म झाला. तिचे बालपण कल्याणात गेले. १८७४ मध्ये, नवव्या वर्षी, टपाल खात्यात नोकरी करणाऱ्या गोपाळराव जोशी यांच्याशी तिचे लग्न झाले. गोपाळराव बिजवर होते आणि वयाने सुमारे वीस वर्षांनी मोठे. सासरी तिचे नाव आनंदी ठेवण्यात आले. बायकोला शिकवायचेच, हा गोपाळरावांचा निश्चय होता. अलिबाग, कोल्हापूर, मुंबई, भूज, कलकत्ता अशा त्यांच्या बदल्यांबरोबर आनंदीबाईंचा अभ्यास चालू राहिला. चौदाव्या वर्षी त्यांना मुलगा झाला, पण तो दहा दिवसांतच गेला. या घटनेनंतर डॉक्टर होण्याचा त्यांचा विचार पक्का झाला.

गोपाळरावांच्या आग्रहाची दुसरी बाजूही नोंदवायला हवी. अमेरिकेतून नवऱ्याला लिहिलेल्या एका पत्रात आनंदीबाईंनी दहाव्या वर्षी खाल्लेल्या लाकडाच्या माराचा आणि बाराव्या वर्षी अंगावर भिरकावलेल्या पुस्तकांचा, खुर्च्यांचा हिशेब मांडला आहे. तरीही नवऱ्याने शिक्षणाला पाठबळ दिले, याची जाणीव त्याच पत्रव्यवहारात दिसते. त्यांचे शिक्षण नवऱ्याच्या इच्छेने सुरू झाले आणि त्याच्या रागलोभावर टिकून राहिले. ‘आदर्श सुधारक पती’ या सोप्या चित्रात ही गोष्ट बसत नाही, आणि म्हणूनच ती झाकून ठेवू नये.

गोपाळरावांनी मिशनरी रॉयल वाइल्डर यांना पत्र लिहून मदत मागितली. धर्मांतर केल्यास मदत होईल, असा वाइल्डर यांच्या उत्तराचा सूर होता. हा पत्रव्यवहार एका मिशनरी नियतकालिकात छापला गेला. न्यू जर्सीतील रोझेल गावच्या थिओडिशिया कार्पेंटर यांनी तो दंतवैद्याकडे बसल्या असताना वाचला आणि आनंदीबाईंना घरी राहायला बोलावले. २४ फेब्रुवारी १८८३ रोजी सेरामपूर येथे आनंदीबाईंनी इंग्रजीत जाहीर भाषण करून अमेरिकेला का जायचे, एकटीने का जायचे, जातीने वाळीत टाकले तर काय, अशा प्रश्नांना एकेक करून उत्तर दिले. हिंदू म्हणून जाईन आणि हिंदू म्हणूनच परतेन, असे त्यांनी तिथे निक्षून सांगितले. त्या वेळी त्यांचे वय अठरा वर्षेही पुरे नव्हते. एप्रिलमध्ये कलकत्त्याहून त्यांची बोट सुटली.

फिलाडेल्फियातील पेनसिल्व्हेनिया महिला वैद्यक महाविद्यालयात (स्थापना १८५०) अधिष्ठाता रेचेल बॉडली यांनी त्यांना प्रवेश दिला. १० ऑक्टोबर १८८५ रोजी तिथे काढलेले एक छायाचित्र प्रसिद्ध आहे. त्यात साडीतल्या आनंदीबाई, किमोनो घातलेल्या जपानच्या केइको ओकामी आणि सीरियाच्या पोशाखातल्या ताबात इस्लामबूली अशा तिघी शेजारी-शेजारी बसलेल्या दिसतात. वेश बदलायचा नाही आणि मांस खायचे नाही, हे आनंदीबाईंनी जाण्यापूर्वीच ठरवले होते. तिथल्या थंडीत तो निश्चय निभावणे कठीण होते. धूर कोंडणाऱ्या शेगडीच्या खोलीत राहून आणि अपुऱ्या आहारावर अभ्यास करून त्यांची प्रकृती खालावत गेली. ‘आर्य हिंदूंमधील प्रसूतिशास्त्र’ या विषयावर प्रबंध लिहून ११ मार्च १८८६ रोजी त्यांनी एम. डी. ही पदवी मिळवली. पंडिता रमाबाई त्या समारंभाला हजर होत्या.

कोल्हापूर संस्थानाने आल्बर्ट एडवर्ड रुग्णालयाच्या स्त्री-विभागाच्या प्रमुखपदी त्यांची नेमणूक केली होती. ते काम सुरू होण्याआधीच, २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात क्षयाने त्यांचे निधन झाले. बाविसावे वर्ष पुरे व्हायला महिनाभर उरला होता. त्यांची रक्षा कार्पेंटरबाईंकडे पाठवण्यात आली आणि न्यूयॉर्क राज्यातील पोकीप्सी येथे कार्पेंटर कुटुंबाच्या दफनभूमीत तिचे स्मारक झाले. काशीबाई कानिटकर यांनी त्यांचे मराठी चरित्र लिहिले. शुक्र ग्रहावरील एका विवराला त्यांचे नाव आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी डॉ. कृष्णाबाई केळवकर यांनी कोल्हापूरच्या त्याच रुग्णालयात काम केले.

रखमाबाई (१८६४–१९५५) : रखमाबाईंचे लग्न अकराव्या वर्षी दादाजी भिकाजी यांच्याशी लावण्यात आले, पण त्या आई आणि सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन यांच्याकडेच राहिल्या. १८८४ मध्ये दादाजींनी बायकोचा ताबा मागत मुंबई उच्च न्यायालयात दावा लावला. न्या. पिन्हे यांनी १८८५ मध्ये तो फेटाळला. अपिलानंतर प्रकरण पुन्हा सुनावणीस आले आणि १८८७ मध्ये न्या. फॅरन यांनी नवऱ्याकडे जा अथवा सहा महिने तुरुंगात जा, असा निकाल दिला. न कळत्या वयात लावलेले लग्न मानण्यापेक्षा तुरुंग पत्करू, असे रखमाबाईंनी कळवले. १८८८ मध्ये पैसे देऊन तडजोड झाली आणि त्या मोकळ्या झाल्या. पुढे लंडनच्या महिला वैद्यक विद्यालयात शिकून १८९४ मध्ये त्या डॉक्टर झाल्या. सुरत व राजकोट येथे त्यांनी प्रदीर्घ काळ रुग्णसेवा केली. १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्यामागे जी चर्चा उसळली, तिला या खटल्याने मोठी चालना दिली. आनंदीबाईंना नवऱ्याच्या आग्रहाने जे शिक्षण मिळाले, ते रखमाबाईंनी नवऱ्याचा हक्क नाकारून मिळवले. पण दोघींनाही विवाहसंस्थेचे दार ओलांडल्याशिवाय महाविद्यालयाच्या दारापर्यंत पोचता आले नाही.

प्रयोगशाळेचे दार : डॉक्टरीणबाई हवी, हे समाजाने गरजेपोटी मान्य केले. प्रयोगशाळेत स्त्री कशाला हवी, या प्रश्नाला असे तयार उत्तर नव्हते. तिथे केवळ बुद्धीच्या जोरावर हक्क सांगावा लागला. कमला सोहोनी (१९११–१९९८) यांचा अनुभव या दृष्टीने महत्त्वाचा आहे. माहेरच्या भागवत असलेल्या कमलाबाई या लेखिका दुर्गा भागवत यांच्या धाकट्या बहीण. वडील आणि काका दोघेही बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत शिकलेले रसायनशास्त्रज्ञ होते. १९३३ मध्ये मुंबई विद्यापीठाच्या बी. एस्‌सी. परीक्षेत पहिल्या येऊन कमलाबाईंनी त्याच संस्थेत अर्ज केला. संचालक सर चंद्रशेखर वेंकट रामन यांनी मुलगी म्हणून तो नाकारला. कमलाबाई बंगळूरला गेल्या, कारण विचारले आणि प्रवेशासाठी सत्याग्रहाची भूमिका घेतली. अखेर अटी घालून प्रवेश मिळाला : पहिले वर्ष परीक्षणाचे राहील, संचालकांचे समाधान झाल्यावरच काम ग्राह्य धरले जाईल आणि संस्थेच्या वातावरणाला त्यांच्यामुळे बाधा येता कामा नये. या अटींचा अपमान त्या आयुष्यभर विसरल्या नाहीत. एम. श्रीनिवासय्या यांच्या मार्गदर्शनाखाली त्यांनी दूध व डाळींतील प्रथिनांवर संशोधन केले. वर्षअखेर रामन यांचे समाधान झाले आणि पुढे संस्थेत मुलींना प्रवेश मिळू लागला.

कमलाबाई १९३७ मध्ये केंब्रिजला गेल्या. नोबेल पारितोषिक विजेते फ्रेडरिक हॉपकिन्स यांच्या विभागात बटाट्यावर काम करताना त्यांना वनस्पतींच्या पेशींतील ‘सायटोक्रोम सी’ या श्वसनाशी संबंधित घटकाचा छडा लागला. अवघ्या चाळीस पानांच्या प्रबंधावर १९३९ मध्ये त्यांनी पीएच. डी. मिळवली. केंब्रिजने स्त्रियांना पुरुषांच्या बरोबरीने पूर्ण पदव्या देण्यास सुरुवात केली ती १९४८ मध्ये. म्हणजे भेदभाव ही एकट्या हिंदुस्थानची मिरास नव्हती. मेरी क्यूरी यांनाही १९११ मध्ये फ्रान्सच्या विज्ञान अकादमीने सभासदत्व नाकारले होते. भारतात परतल्यावर कमलाबाईंनी दिल्लीचे लेडी हार्डिंज महाविद्यालय, कुन्नूरची पोषण संशोधन प्रयोगशाळा आणि मुंबईची विज्ञान संस्था येथे काम केले. नीरा आणि ताडगूळ यांतील जीवनसत्त्वे व लोह कुपोषित आदिवासी मुलांना व गरोदर स्त्रियांना उपयोगी पडतात, हे त्यांच्या व त्यांच्या विद्यार्थ्यांच्या प्रयोगांतून दिसले. या कामासाठी त्यांना राष्ट्रपती पुरस्कार मिळाला. मुंबईच्या विज्ञान संस्थेचे संचालकपद मात्र त्यांना हक्काच्या वेळी मिळाले नाही. ते बऱ्याच उशिरा हाती आले.

डावलले जाण्याचा अनुभव इतरांनाही आला. रामन यांच्या प्रयोगशाळेत हिरे व माणकांवर संशोधन केलेल्या ॲना मणी यांचा प्रबंध एम. एस्‌सी. नसल्याच्या कारणावरून पीएच. डी. साठी स्वीकारला गेला नाही. त्यांनी १९४८ पासून पुण्याच्या हवामान खात्यात काम करून देशातील हवामान-उपकरणांच्या निर्मितीचा पाया घातला. मानवशास्त्रज्ञ इरावती कर्वे (१९०५–१९७०) यांनी बर्लिनमध्ये मानवी कवट्यांची मोजमापे घेऊन वंशश्रेष्ठत्वाच्या प्रचलित कल्पनेला न जुमानणारा निष्कर्ष मांडला. पुढे डेक्कन कॉलेजात त्यांनी महाराष्ट्रातील समाजरचनेचा मूलगामी अभ्यास केला.

कमल रणदिवे आणि वाशीची संस्था : पुण्यात जन्मलेल्या कमल रणदिवे (माहेरच्या समर्थ, १९१७–२००१) यांनी वसंत रामजी खानोलकर यांच्या मार्गदर्शनाखाली १९४९ मध्ये पीएच. डी. केली. बाल्टिमोरला जॉर्ज गे यांच्याकडे ऊतिसंवर्धनाचे तंत्र शिकून त्या परतल्या आणि मुंबईच्या भारतीय कर्करोग संशोधन केंद्रात त्यांनी त्याची प्रयोगशाळा उभारली. काही काळ त्या केंद्राच्या संचालकही होत्या. १९८२ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले.

१९७३ मध्ये त्यांनी सहकारी वैज्ञानिक स्त्रियांसह ‘इंडियन विमेन सायंटिस्ट्स असोसिएशन’ स्थापन केली. वाशीतील मुख्यालयात संघटनेने नोकरदार स्त्रियांचे वसतिगृह, पाळणाघर, बालवाडी आणि ग्रंथालय चालवले. विज्ञान संघटनेने पाळणाघर का काढावे, असे कुणाला वाटेल. त्याचे उत्तर संशोधक आईच्या दिवसात आहे. पेशींना खाद्य ठरल्या वेळी द्यावे लागते, प्रयोग संध्याकाळी पाचला थांबत नाही आणि मूल घरी सोपवायला कुणी नसेल तर प्रयोग सोडावा लागतो. हा प्रश्न संघटनेने एकेकीची खाजगी अडचण म्हणून सोडून दिला नाही, तो सामाईक मानून सोडवला. स्त्रियांच्या विज्ञानकार्याला दिलेला असा ठोस हातभार फार थोड्या संस्थांच्या खात्यावर आहे.

ठाणे–कल्याण परिसर : ठाण्यात १९६९ मध्ये विद्या प्रसारक मंडळाचे विज्ञान महाविद्यालय (आताचे बांदोडकर महाविद्यालय) आणि कल्याणात १९७२ मध्ये बिर्ला महाविद्यालय सुरू झाले. त्यामुळे या पट्ट्यातल्या मुलींचे विज्ञानशिक्षण घराजवळ आले. मुलीला रोज लोकलने मुंबईला धाडायची का, हा प्रश्न घरोघरी शिक्षणाच्या आड येत असे. जवळच्या महाविद्यालयाने तो बराच सोपा केला. ठाण्याचे विठ्ठल सायन्ना जिल्हा रुग्णालय हे शहापूर-मुरबाडपासूनच्या रुग्णांचे आधारस्थान. स्त्री-डॉक्टर आणि परिचारिका तिथल्या कामाचा अविभाज्य भाग आहेत. बाईने बाईला तपासावे एवढ्यासाठी कल्याणच्या मुलीला सातासमुद्रापलीकडे जावे लागले होते, हे लक्षात घेतले म्हणजे या साध्या गोष्टीचे मोल कळते.

सद्यःस्थिती आणि मूल्यमापन : मुलींना प्रवेश नाकारणारे दार आता उरलेले नाही. अडथळे पुढच्या टप्प्यावर सरकले आहेत. पीएच. डी. आणि कायम नोकरी यांच्या मधली वर्षे लग्न व बाळंतपणाची असतात, आणि नेमक्या त्याच काळात स्त्रिया गळतात. पती-पत्नीला एकाच संस्थेत न घेण्याचा अलिखित प्रघात अनेक ठिकाणी होता. निवड समित्यांवर आणि संचालकपदांवर स्त्रिया आजही थोड्या आहेत. केंद्राच्या विज्ञान व तंत्रज्ञान विभागाने २००२–०३ मध्ये, खंड पडलेल्या स्त्रियांना संशोधनात परतता यावे म्हणून महिला वैज्ञानिक योजना सुरू केली. २०१७ च्या दुरुस्तीने प्रसूती रजा २६ आठवड्यांची झाली आणि ५० वा अधिक कर्मचारी असलेल्या आस्थापनांवर पाळणाघराची जबाबदारी आली.

पुण्यात जन्मलेल्या कणभौतिकीतज्ज्ञ रोहिणी गोडबोले (१९५२–२०२४) यांनी राम रामस्वामी यांच्यासह २००८ मध्ये भारतीय वैज्ञानिक स्त्रियांच्या आत्मकथनांचा ‘लीलावतीज डॉटर्स’ हा ग्रंथ संपादित केला. कमलाबाईंना जिथे अटींवर पाऊल ठेवू दिले, त्याच बंगळूरच्या संस्थेत गोडबोले १९९५ पासून अध्यापन करत होत्या. एवढे अंतर कापायला सहा दशके लागली. आनंदीबाई, रखमाबाई आणि कमलाबाई यांचे धैर्य असामान्य होते. पण विज्ञान करण्यासाठी प्रत्येक मुलीकडून असामान्य धैर्याची अपेक्षा ठेवणे अन्यायाचे आहे. पाळणाघर, वसतिगृह, रजा, खंडानंतर परतण्याची वाट आणि निवडीचे उघड निकष या गोष्टी जिथे पक्क्या झाल्या, तिथे साधारण हिमतीच्या मुलीही संशोधक झाल्या. ठाणे–कल्याण पट्ट्यातील महाविद्यालयांनी, रुग्णालयांनी आणि प्रयोगशाळांनी आपले यश याच कसोटीवर जोखायला हवे.