चाकणच्या लढाईत आपण कोणत्या बाजूचे?

चाकणच्या संग्रामदुर्गाचा विषय निघाला की वर्गातली काही मुस्लिम मुलं मान खाली घालतात. 1660 साली शायिस्तेखानाने किल्ला वेढला, फिरंगोजी नरसाळा यांनी तो जवळपास दोन महिने लढवला. मुलांना वाटतं, आपण खानाच्या बाजूचे.

मग मी सांगतो : खानाच्या फौजेत राव भावसिंग हाडांसारखे राजपूत सरदार होते, शिवरायांच्या पायदळाचे सरनोबत नूरखान बेग होते. झगडा सत्तेचा होता, जातधर्माचा नव्हे.

आणखी मागे जाऊ. निजामशाहीत हे चाकण मालोजीराजे भोसल्यांच्या जहागिरीत होतं. नगरच्या शाह शरीफ यांच्यावर त्यांची श्रद्धा. म्हणून मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी.

आज याच चाकणात या मुलांचे अब्बा कामाला जातात. कारखाना, हजेरी, रजा हे शब्द फारसी-अरबीतून आलेले. पण शेजारच्या यंत्रावरचे पाटीलही तेच बोलतात आणि त्याला मराठीच म्हणतात. तेव्हा बाळांनो, मान वर करा. हा किल्ला तुमचाही आहे. एकदा अब्बांसोबत बघून या.