भोसले, वामन

भोसले, वामन : (१९३२ – २६ एप्रिल २०२१). हिंदी चित्रपटसृष्टीतील ज्येष्ठ संकलक. जन्म गोव्यातील पोंबुर्फा गावी. १९५२ च्या सुमारास ते मुंबईस आले आणि बॉम्बे टॉकीजमध्ये संकलक डी. एन. पै यांच्या हाताखाली उमेदवारी करू लागले. पुढे फिल्मिस्तान या चित्रपटसंस्थेत सुमारे बारा वर्षे त्यांनी साहाय्यक संकलक म्हणून काम केले. हा काळ लांबलचक वाटेल, पण पुढच्या साऱ्या कारकिर्दीचा पाया त्यातच घातला गेला.

त्या काळी संकलन हे अक्षरशः हातकाम होते. ३५ मिमी फीत मिनिटाला ९० फूट धावते; तीन तासांचा चित्रपट म्हणजे सोळा हजार फुटांहून अधिक फीत, आणि चित्रीकरण त्याच्या कितीतरी पट. साहाय्यकाने रशेस (चित्रीकरणाच्या कच्च्या फिती) लावायच्या, क्लॅपच्या खुणेवर चित्र आणि आवाजाची फीत जुळवायची, प्रत्येक तुकड्यावर क्रमांक घालून तो खुंटीला टांगायचा. मुव्हिओला या संकलनयंत्रावर फीत मागेपुढे फिरवून संकलक नेमक्या चौकटीवर मेणाच्या पेन्सिलीने खूण करी, मग कात्री चाले. चोवीस चौकटींचा एक सेकंद. दोन चौकटी इकडेतिकडे झाल्या तरी थप्पड लागल्यासारखी वाटत नाही किंवा हुंदका उसना वाटतो. ही नजर पुस्तकातून येत नाही.

दिग्दर्शक राज खोसला यांच्या ‘दो रास्ते’ने (१९६९) त्यांना स्वतंत्र संकलक म्हणून नाव मिळवून दिले. ‘मेरा गांव मेरा देश’ (१९७१) आणि ‘दोस्ताना’ (१९८०) हेही खोसला यांचेच चित्रपट. गुरुदत्त शिराळी हे त्यांचे दीर्घकाळचे सहकारी. श्रेयनामावलीत दोघांची नावे जोडीने येत, त्यामुळे अमुक काप कोणाचा असे वेगळे काढणे व्यर्थ आहे.

गुलजार यांच्या ‘परिचय’, ‘आंधी’ आणि ‘मौसम’ या चित्रपटांत भोसले यांच्या कामाची संयत बाजू दिसते. ‘मौसम’मध्ये उतारवयातला नायक डोंगरउतारावर उभा राहून तरुणपणीच्या स्वतःला प्रेयसीबरोबर हिंडताना पाहतो. आठवण कुठे सुरू झाली हे सांगणारी धूसर चौकट नाही, झटका नाही. म्हाताऱ्याची नजर वळते आणि पुढच्या तुकड्यात तो काळ आलेला असतो. याउलट सुभाष घई यांच्या ‘कर्ज’मधील (१९८०) रंगमंचावरच्या गाण्यात गायक खुनाची कथाच गाऊन दाखवतो, आणि प्रेक्षागारात बसलेल्या खुनी स्त्रीचा चेहरा, रंगमंच व जुना गुन्हा यांची ये-जा तालावर वाढत जाते. संवादाविना आरोप सिद्ध होतो. दोन्ही कामे एकाच जोडीची आहेत, हे सांगितल्यावाचून कळू नये यातच त्यांचे मोठेपण आहे. स्वतःची शैली मिरवण्यापेक्षा चित्रपटाची लय ओळखणे त्यांनी महत्त्वाचे मानले.

राज एन. सिप्पी दिग्दर्शित ‘इन्कार’साठी (१९७७) भोसले यांना उत्कृष्ट संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. अकिरा कुरोसावा यांच्या ‘हाय अँड लो’वर बेतलेल्या या अपहरणकथेतील पोलीस, गुन्हेगार आणि पेचात सापडलेला कारखानदार असे तीन धागे त्यांनी कुठेही सैल पडू दिले नाहीत. ‘सौदागर’साठी (१९९१) शिराळी यांच्यासह फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. ‘कालीचरण’पासून ‘खलनायक’पर्यंत घई यांच्या चित्रपटांशी त्यांचे नाते टिकले. ‘अग्निपथ’ (१९९०) आणि ‘गुलाम’ (१९९८) ही त्यांची नंतरची गाजलेली कामे. अमोल पालेकर यांचा ‘कैरी’ हा अखेरच्या टप्प्यातला. एकूण चित्रपट दोनशेहून अधिक.

मुंबईत कापलेली ही फीत प्रत्यक्षात पोचे ती जिल्ह्याजिल्ह्यांतल्या चित्रगृहांत. तिथल्या प्रेक्षकांनी हे चित्रपट डोक्यावर घेतले, पण नायकाचे नाव त्यांच्या ओठांवर राहिले आणि संकलकाचे श्रेयनामावलीच्या पाटीवरच.

वयाच्या ८९ व्या वर्षी मुंबईत गोरेगाव येथे भोसले यांचे निधन झाले. त्यांचे काम समजून घेऊ पाहणाऱ्याने ‘मौसम’, ‘इन्कार’ आणि ‘कर्ज’ हे तीन चित्रपट पाठोपाठ पाहावेत.