बाहेरगावचा व्यावसायिक

रणजी करंडकात संघाला दुसऱ्या संघटनेतले मोजके खेळाडू मानधनावर घेता येतात. त्यासाठी खेळाडूला आपल्या मूळ संघटनेचे ना-हरकत प्रमाणपत्र लागते. अंधेरी-बोरिवलीपासून मुलुंड-घाटकोपरपर्यंतच्या मैदानांवर घडणारे सगळे गुणी खेळाडू मुंबईच्या अकरांत मावत नाहीत; त्यांतल्या काहींना हीच वाट उरते. वसीम जाफर मुंबईहून विदर्भाकडे गेले आणि २०१७-१८ व २०१८-१९ अशी लागोपाठ दोन विजेतेपदे त्यांच्या वाट्याला आली.

याच वाटेने गुवाहाटीला गेलेला आणखी एक मुंबईकर म्हणजे अमोल मुझुमदार (जन्म १९७४).

१९९३-९४च्या हंगामात हरियाणाविरुद्ध पदार्पणातच त्यांनी २६० धावा केल्या. प्रथम श्रेणी पदार्पणातला तो तेव्हाचा जागतिक विक्रम. २००६-०७मध्ये त्यांच्या नेतृत्वाखाली मुंबईने करंडक जिंकला. २००९मध्ये ते आसामकडे आणि २०१२मध्ये आंध्रकडे गेले. २०१४मध्ये निवृत्त झाले. १७१ सामने, ११,१६७ धावा, ३० शतके एवढी कमाई असूनही भारताकडून एकही सामना त्यांना मिळाला नाही, ही मुंबई क्रिकेटची मोठी हळहळ आहे. २०२५मध्ये विश्वचषक जिंकणाऱ्या भारतीय महिला संघाचे ते मुख्य प्रशिक्षक होते.